चियांग माईला पाणी बंद

थायलंडहून आल्यापासून जो भेटतो तो विचारतो, काय काय पाहिलं? हत्ती पाहिले का, समुद्र पाहिला का, बाजार कसा आहे? आम्ही गेलो त्या चियांग माई शहराला समुद्र नाहीच. हत्ती एक पाहिला, तोही दुकानाच्या पाटीवर. खरं सांगायचं तर त्या दिवसांत मी सर्वांत जास्त वेळ पाहिले असतील ते माझ्या नवऱ्याचे ओठ. सुकलेत का, फुटलेत का, सकाळपेक्षा जास्त पांढरे पडलेत का. बाकीची माणसं परदेशात जाऊन डोंगर बघतात. मी ओठ बघून आले.

माझा नवरा, संजय, शरीरसौष्ठवपटू आहे. वय सत्तेचाळीस. रांजणगावच्या एमआयडीसीत सुपरवायझर आहे आणि ड्युटीच्या आधी किंवा नंतर, जशी शिफ्ट असेल तसा, शिरूरच्या जिममध्ये असतो. तरुणपणी तालुक्यातले दोन-तीन 'श्री' किताब त्यांनी घेतले होते. मग नोकरी लागली, मुलं झाली, आणि सगळी कमाई शर्टाच्या आत झाकली गेली. चाळिशीनंतर पुन्हा खूळ घेतलं. चाळिशी ओलांडलेल्या खेळाडूंचा एक आंतरराष्ट्रीय क्रीडा महोत्सव भरतो. पोहणं, पळणं, बॅडमिंटन असे सगळे खेळ असतात, त्यात शरीरसौष्ठवही असतं. त्यांच्या वयोगटात त्यांची निवड झाली तेव्हा रात्रपाळीहून येऊन त्यांनी मला उठवून सांगितलं होतं, "एकदाच, सुजाता. पुढच्या वर्षी गुडघा ऐकायचा न्हाई."

मी का गेले, तर त्यांच्या कोचचा पासपोर्ट अडकला म्हणून. स्टेजवर जाण्याआधी अंगाला गडद रंग लावावा लागतो आणि स्वतःच्या पाठीला स्वतः रंग लावता येत नाही. कोणीतरी पाहिजेच होतं. कोचनं मला फोनवर आठवडाभर शिकवलं. स्पंज कसा धरायचा, रंग काखेत का साचू द्यायचा नाही, तेल किती लावायचं. शेवटी म्हणाले, "वहिनी, रंग बिघडला तर बिघडू द्या. पण पाण्याचं मात्र मी सांगतो तसंच."

पाण्याचं म्हणजे असं. स्पर्धेच्या आधी काही दिवस हे लोक पाणी ढोसतात. तांबेच्या तांबे. मग एकदम कमी करतात आणि शेवटी बंद. मीठ तर त्याच्याही आधी सुटलेलं असतं. म्हणजे कातडीखालचं पाणी निघून जातं आणि स्नायूची रेघ न् रेघ दिसते. याला ते ड्राय होणं म्हणतात. आमच्याकडे आजवर फक्त कपडे ड्राय व्हायचे. मला हसू आलं असतं, पण राज्याच्या स्पर्धेच्या वेळी हे असेच ड्राय होऊन घरी आले आणि न्हाणीघरात कोसळले होते. दार आतून लावलेलं. मुलानं खांद्यानं दार तोडलं. डॉक्टरांनी सलाईन लावलं आणि म्हणाले की मूत्रपिंडाशी असले खेळ पुन्हा करू नका. घरी येताना रिक्षात यांनी मला सांगितलं की डॉक्टर उगाच घाबरवतात. तेव्हापासून न्हाणीघराचं दार बंद झालं की माझा जीव टांगणीला लागतो.

गाव

निघायच्या आदल्या दिवशी आबांना भेटायला गावी गेलो. आबा म्हणजे सासरे. शिरूरहून न्हावऱ्याकडे जाणाऱ्या रस्त्यावर आमचं गाव आहे, आबा तिथंच राहतात. ऐंशी कधीच ओलांडली. आमच्या घरात लांब निघालेल्या माणसाला उंबऱ्याच्या आत पाणी देतात, ते पिऊन मगच पाय बाहेर टाकायचा. हे काम आबा दुसऱ्या कोणाला करू देत नाहीत. आला-गेला कोणी असो, पेला स्वतः काठोकाठ भरतात आणि समोरच्यानं संपवेपर्यंत तिथंच उभे राहतात. नवीन पाहुण्याला अवघडल्यासारखं होतं. आम्हाला माहीत आहे. आबा लहान होते तेव्हा आमच्या वस्तीला गावच्या विहिरीला हात लावता येत नव्हता. मडकं घेऊन लांब बसायचं, आणि कोणी आलं, त्याच्या मनात आलं, तर त्यानं वरून ओतायचं. आबा हे कधी गोष्टीसारखं सांगत बसत नाहीत. पेला भरतात, एवढंच.

तेव्हा यांचे पाणी ढोसायचे दिवस चालू होते, त्यामुळे यांनी उभ्या उभ्या दोन तांबे रिकामे केले. आबा खूश झाले. मग यांना कुठून बुद्धी झाली, पुढं पाणी बंद करायचं आहे हे त्यांना सांगून बसले.

"पाणी हाय, आन् प्यायचं न्हाई?" आबांनी विचारलं.

"थोडंच दिस, आबा. समदेच करत्यात."

आबा तांब्या उचलून आत गेले. गाडीत बसल्यावर मी म्हटलं, कशाला सांगितलंत? हे म्हणाले, विचारलं तर खोटं कशाला बोलू. आबांनी विचारलंच नव्हतं.

शिरूरच्या एसटी स्टँडसमोर पोरांनी फ्लेक्स लावला होता. मधोमध हे, दंड फुगवलेले, भोवती गावच्या पुढाऱ्यांचे फोटो. त्यातल्या निम्म्या लोकांनी यांना उघड्यानं कधी पाहिलं नसेल. 'सुवर्णपदकासाठी शुभेच्छा' असं लिहिलं होतं. रौप्य किंवा कांस्य अशी सोयच ठेवली नव्हती. हे फ्लेक्सकडे बघून खूश झाले आणि मी ते 'सुवर्ण' दोनदा वाचलं.

चियांग माई

प्रवासाबद्दल सांगण्यासारखं एवढंच की शिक्रापूरच्या ट्रॅफिकमध्ये यांना दोनदा गाडीतून उतरावं लागलं, आणि विमानात यांच्या शेजारच्या माणसानं शेवटी आपण होऊन कडेची जागा दिली.

शहर मात्र गोड आहे. जुन्या गावाभोवती चौकोनी खंदक, त्यात कारंजी, पडक्या विटांची तटबंदी. गाड्या भरपूर, पण हॉर्न नाही. पहिल्या दिवशी मला वाटलं माझे कान बसलेत. चार पावलं गेलं की एक विहार. दौंडला आमचं माहेरचं विहार म्हणजे पत्र्याची शेड होती, अलीकडे स्लॅब पडला. इथं सोन्याचे कळस, नागांच्या शेपट्यांचे जिने, आणि आत बुद्ध एवढा मोठा की मान दुखावी. मी पहिल्या विहारात गेले तेव्हा सरळ रडायलाच आलं. आपले लोक इतके आहेत आणि एवढे निवांत आहेत, हे माझ्या डोक्यात कधी आलंच नव्हतं. शाळेतल्या पोरी, रिक्षावाला, बँकेतली बाई, सगळे येताजाता हात जोडत होते. कोणी आडनाव विचारत नव्हतं. अर्थात विचारलं असतं तरी मला कळलं नसतं.

आम्ही एका लहानशा गेस्ट हाऊसमध्ये उतरलो होतो. मालकिणीला सगळे पी नॉय म्हणायचे. पी म्हणजे आपल्याकडचं ताई. तिचं इंग्रजी माझ्याएवढंच होतं, म्हणून आमचं छान जमलं. अडलं की ती फोनमध्ये थाई बोलायची आणि फोन मला हिंदीत सांगायचा. पायरीवर चपला काढायच्या, मगच आत यायचं, हे आपल्यासारखंच. तिच्या फाटकाबाहेर लाकडी मांडवावर दोन मातीचे माठ होते, वर झाकण, बाजूला करवंटीचा लांब दांड्याचा पळा. मला वाटलं शोभेला असतील. तेवढ्यात एक सायकलवाला थांबला, पळ्यानं पाणी घेतलं, प्यायला आणि निघून गेला. पी नॉयनं सांगितलं, इथली जुनी रीत आहे. रस्त्यानं जाणारा कोणीही असो, तहान लागली की प्यावं, घरात हाक मारायची गरज नाही. ती रोज सकाळी माठ घासून भरायची.

मी किती वेळ त्या माठांकडे बघत उभी होते. हे मात्र फाटकातून येता-जाताना दुसरीकडे बघायचे. त्यांचं पाणी आता कमी झालं होतं.

खाण्याचं म्हणाल तर तिथं कच्च्या पपईची कोशिंबीर लाकडी खलात मिरची आणि शेंगदाणे घालून कुटतात. पहिला घास घेतला आणि मला ठेच्याची आठवण आली, दुसऱ्या घासाला माशाच्या पाण्याचा वास आला आणि बोंबलाची. चिकट भात हातानं गोळा करून खातात, ते फार आवडलं. पण हे सगळं मी एकटीनं खायचे. हे खोलीत बसून उकडलेलं चिकन आणि रताळं खायचे, बिनमिठाचं, डब्यातून, एखादं औषध घेतल्यासारखं. पाणी तर मी त्यांच्यासमोर पिणंच सोडलं. न्हाणीघरात जाऊन, नळ सोडून, बाटली तोंडाला लावायचे. एकदा बाहेर आले तर म्हणाले, "पी की हितं. मला काय त्रास न्हाई." हे म्हणताना त्यांची जीभ टाळूला चिकटत होती.

रंग

स्पर्धेच्या आदल्या संध्याकाळी रंग लावला. घरून आणलेल्या दोन जुन्या साड्या जमिनीवर अंथरल्या, तिसरी भिंतीला टेकवून लावली. कारण हा रंग चादरीला लागला की जात नाही, आणि गेस्ट हाऊसमध्ये तशी पाटीच होती. खेळाडू येणार म्हणून मुद्दाम लावली असावी.

आयुष्यभर मी काळी म्हणून ऐकून घेतलं. लग्नाआधी आईनं हळद, डाळीचं पीठ, साय, जे म्हणून होतं ते सगळं माझ्या तोंडाला फासलं होतं. आणि आता मी परदेशात येऊन, आधीच माझ्यापेक्षा दोन छटा काळ्या असलेल्या माणसाला आणखी काळं करत होते. कारण स्टेजवरच्या उजेडात साधा काळा रंग फिका पडतो म्हणे. पहिला हात झाला, वाळवला, दुसरा हात दिला. घराला ऑइलपेंट देतात तसंच. कोचला व्हिडिओ कॉल केला. ते म्हणाले, "अजून एक हात." आईला हा कॉल लावायला हवा होता असं मला वाटून गेलं.

हसत होते मी, पण पाठीवर स्पंज फिरवताना हाताला कळत होतं. कातडी कागदासारखी झाली होती. चिमटीत धरली तर तशीच उभी राहायची. यांचं पाणी त्या दुपारपासून पूर्ण बंद होतं. सकाळी लवकर स्पर्धा होती, म्हणजे एक रात्र काढायची. तेवढ्या रात्रीत मी किती वेळा त्यांच्या छातीवर हात ठेवून पाहिला ते सांगत नाही.

सकाळी हॉलवर पोचलो तर कळलं, खेळाडू जास्त झालेत म्हणून यांचा वयोगट दुसऱ्या दिवशी सकाळवर ढकललाय.

मी तिथल्या तिथं म्हटलं, बरं झालं, आता प्या पाणी. यांनी कोचला फोन लावला. कोच म्हणाले, प्यायचं नाही, आता सोडलं तर सगळं भरून येईल. गुळणी करा आणि थुंका. अजून एक दिवस. हे म्हणाले, व्हय सर. मी फोन ओढून घेतला आणि राज्याच्या स्पर्धेनंतरचं सगळं सांगितलं. कोच म्हणाले, "वहिनी, हा माणूस वीस वर्षं थांबलाय. तुम्ही ठरवा." असं म्हणून सगळं माझ्यावर टाकून दिलं. यांनी माझ्याकडे पाहिलंच नाही. पिशवीतून रताळ्याचा डबा काढला आणि उघडता न आल्यामुळे माझ्यापुढे धरला. बोटं कापत होती.

विहार

दुपारी खोलीत बसवेना. पी नॉय गल्लीच्या टोकाच्या विहारात निघाली होती, म्हणाली चला, तिथं गार असतं. यांनी रंग झाकायला पूर्ण बाह्यांचा शर्ट घातला. मानेवर घामाचे ओघळ येऊन पट्टे पडले होते. मी माझ्या आईनं दिलेली पिशवी घेतली. दौंडच्या बाजारातला नवा टॉवेल, साबण, मेणबत्त्या. आईनं बजावलं होतं, तिथल्या भंतेजींच्या हातात दे आणि माझं नाव सांग.

आत एक म्हातारे भंते बसले होते. चेहरा इतका शांत की मला आमच्या दौंडच्या भंतेजींची आठवण झाली. ते घरी येतात, सोफ्यावर बसतात, मी त्यांच्या हातात चहाचा कप देते, वाकून पायाला हात लावते. त्याच ओघात मी पुढे झाले, वाकले, पिशवी त्यांच्या हातात द्यायला गेले. आणि भंते मागे सरले. चटकन, हात वर घेऊन. पाय चिवराखाली ओढून घेतले.

माझ्या पोटात खड्डा पडला. आबांच्या पिढीनं जे अंगावर घेतलं ते मी फक्त ऐकलेलं होतं. माझ्या आयुष्यात माझ्यापासून कोणी असा हात काढून घेतला नव्हता, आणि घेतला तो कुठं, तर इथं. पिशवी तशीच हातात राहिली. भंतेंनी एक पिवळं फडकं काढून माझ्यापुढे जमिनीवर पसरलं आणि त्याचं एक टोक स्वतः धरून ठेवलं.

मागून यांचा आवाज आला. "उठ सुजाता. घे ती पिशवी."

हे तटकन उठले होते. एवढंच बोलले आणि खांबाला धरायला हात पुढं केला, तो खांब त्यांना सापडला नाही. गुडघ्यातून वाकून खाली बसले, बसले म्हणजे पडलेच. मी धावले. डोळे उघडे होते पण माझ्याकडे बघत नव्हते. नाव घेऊन हलवलं, गाल थोपटले, माझ्या हाताला सगळा रंग लागला. पी नॉयनं पंखा तिकडे वळवला. थोड्या वेळानं यांची नजर जागेवर आली. पायात पेटके आले म्हणून त्यांनी पाय लांब केले, तर ते नेमके मूर्तीच्या दिशेला. कोपऱ्यातल्या एका आजीनं येऊन मुकाट्यानं दोन्ही पाय धरून बाजूला वळवले.

पी नॉयला आमचा घोटाळा कळला होता. तिनं फोनमध्ये खूप वेळ बोलून फोन माझ्यापुढे धरला. फोन आपल्या त्या सपाट हिंदीत म्हणाला की भिक्षू स्त्रीला स्पर्श करत नाहीत, स्त्रीच्या हातातून घेत नाहीत, हा त्यांचा स्वतःवरचा नियम आहे. या भंतेंची आई वारली तेव्हा त्यांनी तिलाही हात लावला नव्हता. भंते अजून फडक्याचं टोक धरून बसले होते. मी पिशवी फडक्यावर ठेवली. आईचं नाव सांगितलं. नियम कळला, राग गेला, पण पोटातला तो खड्डा लगेच भरला असं नाही म्हणणार. आईला मी अजून हा भाग सांगितलेला नाही.

मग भंतेंनी काड्यांच्या जुडीनं आमच्यावर पाणी शिंपडलं. आमच्याकडे असलं शिंपडणं कोणी करत नाही, केलं तर वस्तीतले लोक अंधश्रद्धा म्हणून भांडायला येतील. यांच्या कपाळावर आणि गालांवर थेंब पडले, तिथला रंग निघाला आणि चेहरा ठिपक्याठिपक्यांचा झाला. पी नॉय तोंडावर हात ठेवून हसली. यांनी ओठांवर पडलेला थेंब जिभेनं टिपायला सुरुवात केली आणि मधेच जीभ आत घेतली. ते मी पाहिलं.

भिंतीवर बुद्धाच्या आयुष्याची चित्रं होती. हे खांबाला टेकून समोरच्या चित्राकडे बघत होते. झाडाखाली बसलेले, उपाशी राहून हाडांचा सापळा झालेले सिद्धार्थ. पोट पाठीला लागलेलं, शिरा दोरीएवढ्या.

"कंडिशन बघ," हे पुटपुटले. "फासळी न् फासळी येगळी दिसतीय."

एवढं होऊन या माणसाला तिथं कंडिशन दिसत होती. मला हसावं की ओरडावं कळेना. म्हटलं, पुढचं चित्र बघा. पुढच्या चित्रात एक बाई गुडघ्यावर बसून त्या सापळ्यापुढे खिरीचं पात्र धरत होती, उपास सोडायला. आमच्याकडे लहान पोरालाही ती कोण ते माहीत असतं. वडिलांनी माझं नाव तिच्यावरूनच ठेवलं.

हे बराच वेळ बघत राहिले.

परत येताना त्यांचा हात माझ्या खांद्यावर होता आणि त्याचं वजन दर पावलाला वाढत होतं. फाटकापाशी, माठांसमोर, ते थांबले.

"प्यालो तर उद्याचं गेलं," ते म्हणाले.

"जाईल," मी म्हटलं. मला खोटं बोलता आलं असतं, की घोटभरानं काही होत नाही. "पण मला तुम्ही परवाबी पायजेल."

त्यांनी झाकण उचललं. पळा बुडवला. हात कापत होता म्हणून मी पुढं झाले, तर मानेनं नको म्हणाले. पहिला पळा अर्धा शर्टावर सांडला. दुसरा प्यायले. मग तिसरा, चौथा, डोळे मिटून. ओठांवरचा रंग धुऊन निघाला. रस्त्यावरून माणसं जात होती, कोणी वळून पाहिलं नाही.

स्टेज

दुसऱ्या दिवशी मी त्यांच्या गालांवरचे ठिपके भरले, अंगाला तेल लावलं. आरशात बघून त्यांनी पोटावरून एकदा हात फिरवला. आदल्या सकाळी तिथं जे कोरल्यासारखं दिसत होतं ते आता पुसट झालं होतं. मलासुद्धा दिसलं, तर परीक्षकांना दिसणारच.

पडद्यामागे नाना देशांचे आजोबा एकमेकांच्या पाठी रंगवत होते. एक मंगोलियाचा, त्याला नातवंडं होती, त्यानं फोटो दाखवले. एक कोरियाचा, त्याचं पोट बघून मी नजर वळवली, इतकं ते सुकलेलं होतं. आता हा पडणार, मला वाटलं. स्टेजवर हे ओळीत उभे राहिले. खांदे, छाती, पाठ, सगळ्या पोझ त्यांनी दिल्या. पाठीच्या पोझला मागच्या बाकावरून कोणीतरी शिट्टी मारली. मला वाटलं, होईल. शेवटच्या फेरीचे क्रमांक पुकारले. यांचा नव्हता.

कोरियाचा तो माणूस पहिला आला. पदक गळ्यात घालून उड्या मारत खाली आला, मंगोलियाच्या आजोबाला उचलून घेतलं. त्याला काहीही झालेलं नव्हतं, ठणठणीत होता. मला त्या भल्या माणसाचा इतका राग आला की काय सांगू.

कोचचा फोन आला, मीच उचलला. पाणी कोणी पाजलं, त्यांनी विचारलं. मी म्हटलं, मी. त्यांनी फोन ठेवला. हे बाजूला बसून ओल्या फडक्यानं हातावरचा रंग पुसत होते. ऐकलं असणार. काही बोलले नाहीत.

परत

ते न बोलणं विमानात आमच्यासोबत आलं. रागावले असते तर बरं झालं असतं. उलट जेवलीस का, झोपलीस का, असं नीट विचारायचे. आता तर त्यांना पाणी प्यायला मोकळीक होती, ते पीतही होते, पण मलाच त्यांच्यासमोर बाटली तोंडाला लावता येईना. ती वीस वर्षं मी घोटाघोटानं पिऊन टाकली असं वाटायचं. विमानातही मी उठून मागे जाऊन पाणी प्यायले.

पुण्यात उतरल्यावर कळलं की शिरूरच्या पोरांनी स्वागताला हलगी सांगून ठेवली आहे. निकाल त्यांना माहीत नव्हता, यांनी कोणाला कळवलाच नव्हता. मग नगर रस्ता सोडून आम्ही सोलापूर रस्त्यानं निघालो. यवतला वडापाव खाल्ला, यांनी मीठ मागून घेतलं आणि मिरचीला लावलं. केडगाव चौफुल्याहून वळून, भीमा ओलांडून, न्हावऱ्याकडून मागच्या दारानं गावात शिरलो.

आबा ओट्यावर होते. गाडी बघून आत गेले आणि तांब्या-पेला घेऊनच बाहेर आले. येणाऱ्यालाही पाणी लागतंच.

"पदक?" त्यांनी विचारलं.

"न्हाई, आबा."

"का रं?"

मी खाली बघितलं. सुजातानं पाजलं, असं ते म्हणाले असते तर ते खोटं नव्हतं.

"पाणी प्यालो," हे म्हणाले. "ऱ्हावलं न्हाई. मीच प्यालो."

आबांनी पेला भरायचा थांबवला. "कुनी दिलं?"

"कुनी न्हाई. तिथं घराच्या भाईर माठ ठिवत्यात, रस्त्यानं जानाऱ्यासाठी. झाकान काढायचं आन् हातानं घ्यायचं."

"कुनीबी?"

"कुनीबी."

"आन् कुनी इचारलं न्हाई, कुनाचा म्हून?"

"न्हाई, आबा."

आबा ओट्याच्या कडेला बसले. तांब्या मांडीवर धरलेला. समोरच्या रस्त्याकडे बघत होते. मला वाटलं आता फ्लेक्सचं काढतील, लोकांचं काढतील.

"गार व्हतं का?" त्यांनी विचारलं.

"लई गार व्हतं."

आबांनी मान हलवली. उठून पेला काठोकाठ भरला, लेकाला दिला आणि तो संपेपर्यंत तिथंच उभे राहिले. मग तोच पेला पुन्हा भरला आणि माझ्यापुढे धरला. मी यांच्याकडे पाहिलं. ते माझ्या ओठांकडे बघत होते.

"पी की हितं," ते म्हणाले.

मी तिथंच, त्यांच्यासमोर, सगळा पेला प्याले.